फेब्रुवारी १९०८, लॉस एंजेलिस: तीन दिवसांत काय काय पाहून होईल?

कोरा_कागद (धागाकर्ता)

दिवाळी अंकासाठी दीर्घकथा चालू आहे. नायक मुंबईचा, वय पंचविशीचं, फेब्रुवारी १९०८ मध्ये लॉस एंजेलिसमध्ये तीन दिवस मोकळा आहे. सध्याच्या खर्ड्यात तो शहामृगांचा फार्म बघतो, अॅलिगेटर बघतो, माउंट लोच्या डोंगरी रेल्वेने वर जाऊन एको माउंटनवरच्या हॉटेलात एक रात्र राहतो, व्हेनिसमध्ये गोंडोलात बसतो, हॉलीवूड बुलेव्हार्डवर सिनेमाचं चित्रीकरण बघतो आणि कॅटलिना बेटावर काचेच्या तळाच्या होडीतून मासे बघतो.

तीन प्रश्न आहेत. हे सगळं तीन दिवसांत बसतं का? खिशातून किती जातील? आणि यात ठार चुकीचं काय आहे? कथा छापून आल्यावर कळण्यापेक्षा आत्ता कळलेलं बरं.

रूळबदल

कॅटलिना काढा. सॅन पेड्रो बंदरापर्यंत ट्राम, मग आगबोटीने अॅव्हलॉन, जायलाच दोन-अडीच तास, आणि परतीची बोट गाठायची. त्या एका गोष्टीत अख्खा दिवस जातो. शिवाय फेब्रुवारीत पाणी खवळलेलं असलं तर काचेखाली गढूळ हिरव्या रंगापलीकडे फारसं दिसत नाही. ती होडी उन्हाळ्यात, ऊन डोक्यावर असताना बघायची गोष्ट.

हॉलीवूडचं चित्रीकरणही काढा. तिथला पहिला स्टुडिओ १९११चा. १९०८ मध्ये हॉलीवूड लॉस एंजेलिस शहरातसुद्धा नव्हतं, ते १९१० मध्ये सामील झालं. रस्त्याचं नावही तेव्हा प्रॉस्पेक्ट अॅव्हेन्यू होतं. पण तुमच्या नायकाला हॉलीवूडमध्ये थांबायला एक अस्सल कारण होतं: पॉल द लाँगप्रे या फ्रेंच चित्रकाराचं घर. हा माणूस फक्त फुलं रंगवायचा, त्याच्या बागेत हजारो गुलाब होते, आणि पर्यटकांची ट्राम तिथे ठरवून थांबायची. सिनेमाच्या आधी हॉलीवूडमधलं प्रेक्षणीय स्थळ म्हणजे हे घर.

बाकीचं बसतं. मात्र कथेच्या मुळाशी एक गोष्ट असू द्या. ही स्थळं सुटी सुटी नव्हती, सगळी विजेच्या ट्रामच्या तारेला टांगलेली होती. हेन्री हंटिंग्टनने १९०१ मध्ये पॅसिफिक इलेक्ट्रिक काढली, ४ जुलै १९०२ला लाँग बीचची लाइन सुरू झाली. रूळ अनेकदा रिकाम्या शेतांतून टाकले जायचे, कारण त्याच माणसाची जमीन विकणारी कंपनीही होती. रूळ आले की प्लॉटची किंमत चढायची. कामावर जाणाऱ्यांनी गाड्या सकाळ-संध्याकाळ भरायच्या, मधले तास रिकामे. ते तास भरायचे सहलींनी. हिवाळ्यात बर्फाला कंटाळून पूर्वेकडून आलेला पाहुणा दिवसभर उन्हात फिरला, झाडावर लगडलेली संत्री बघितली, की त्यातले काही जण संध्याकाळी प्लॉटची चौकशी करणार, हा हिशेब. म्हणून हंगामही हिवाळ्याचा. फेब्रुवारी निवडलात ते उत्तम.

पहिला दिवस: बलून रूट. नकाशावर मार्गाचा आकार फुग्यासारखा दिसायचा म्हणून हे नाव. जाहिरात होती 'शंभर सेंटमध्ये एकशे एक मैल', म्हणजे तिकीट एक डॉलर. ही पॅसिफिक इलेक्ट्रिकची नाही, लॉस एंजेलिस पॅसिफिक या वेगळ्या कंपनीची सहल. दोन्ही कंपन्या एक झाल्या १९११ मध्ये. त्यामुळे नायक हिल स्ट्रीटवरच्या स्टेशनातून निघेल. सहावा रस्ता आणि मेन स्ट्रीटच्या कोपऱ्यावरची भव्य पॅसिफिक इलेक्ट्रिक इमारत त्याला दुसऱ्या दिवशी लागेल. हे स्टेशन चुकवणारे लेखक पुष्कळ आहेत.

डब्यात वाटाड्या असतो, तो बोलतच राहतो. हॉलीवूडचं फुलांचं घर, मग सॉटेलचं सोल्जर्स होम, जिथे यादवी युद्धातले म्हातारे सैनिक राहायचे. सांता मोनिकाला कॅमेरा ऑब्स्क्युरा (अंधाऱ्या खोलीत बाहेरची चौपाटी दाखवणारा आरसा-भिंगाचा खेळ), सहलीच्या प्रवाशांना फुकट. समुद्रात ४,७०० फूट आत गेलेला लाँग व्हार्फ, त्यावर ट्राम थेट लाकडी धक्क्यावरून चालायची. याची जाहिरात 'चाकांवरची समुद्रसफर' अशी करत. प्लाया डेल रेला मासळीचं जेवण. रेडोंडोला मूनस्टोनचे गोटे वेचायचे, हवे तितके. व्हेनिसला मोकळा वेळ. सकाळी निघालेला माणूस संध्याकाळी परत.

दुसरा दिवस माउंट लो, तिसरा दिवस शहामृग आणि अॅलिगेटर. त्यावर इतर मंडळी लिहितीलच.

खर्च: बलून रूट १ डॉलर, माउंट लो अडीच डॉलर, शहामृग २५ सेंट, अॅलिगेटर २५ सेंट. शेवटी एंजल्स फ्लाइट १ सेंट. बेरीज ४ डॉलर १ सेंट. शहरातल्या ट्रामला दर फेरी ५ सेंट ते वेगळे. तेव्हा डॉलरला साधारण ३ रुपये १ आणा पडायचे, म्हणजे साडेबारा रुपयांच्या आत तीन दिवसांची सगळी तिकिटं. जेवण आणि हॉटेल सोडून.

एंजल्स फ्लाइट विसरू नका. ३१ डिसेंबर १९०१ला सुरू झालेली, तिसऱ्या रस्त्याच्या टोकाचा चढ चढणारी जेमतेम ३०० फुटांची फ्युनिक्युलर, म्हणजे दोराने ओढली जाणारी गाडी. दोन डबे, नावं सिनाई आणि ऑलिव्हेट. एक सेंटमध्ये बंकर हिलवर. तिसऱ्या संध्याकाळी पाय दुखत असताना नायकाने जिना चढण्याऐवजी यात बसावं.

घाटमाथा

माउंट लोबद्दल. खर्ड्यातली सर्वांत मोठी चूक इथे आहे. एको माउंटनवरचं हॉटेल, एको माउंटन हाउस, १९०० मध्येच जळालं. नंतर डिसेंबर १९०५ मध्ये वादळी वाऱ्यात पुन्हा आग लागली आणि उरलेल्या पांढऱ्या इमारतींपैकी बहुतेक गेल्या. वेधशाळा वाचली. म्हणजे १९०८चा प्रवासी एको माउंटनवर उतरतो तेव्हा समोर जोती, पायऱ्या, वेधशाळा आणि फ्युनिक्युलरचं यंत्रघर. मुक्काम करायचा तर आणखी वर, ५,००० फुटांवरच्या अल्पाइन टॅव्हर्नमध्ये.

प्रवास तीन टप्प्यांचा, तीन वेगळ्या गाड्यांचा. प्रत्येक ठिकाणी सामानासकट उतरायचं.

पहिला टप्पा: सहाव्या रस्त्यावरून नेहमीची मोठी ट्राम पॅसेडिना, अल्टाडिना करत रुबिओ दरीत जाते. दरीच्या तोंडाशी ओढ्यावर बांधलेला रुबिओ पॅव्हिलियन. हा १९०९च्या दरड-पुरात गेला, तुमच्या नायकाला तो अजून उभा मिळेल.

दुसरा टप्पा: ग्रेट इन्क्लाइन. सप्तशृंगी गडावरची फ्युनिक्युलर ट्रॉली पाहिलेल्यांना तत्त्व लगेच कळेल. एकाच पोलादी दोराला दोन डबे, एक वर चढतो तेव्हा दुसरा उतरतो. दोघांची वजनं एकमेकांना तोलतात, त्यामुळे वरच्या मोटरला फक्त प्रवाशांच्या वजनातला फरक आणि घर्षण एवढंच ओढावं लागतं. खाली येणारा डबा जास्त भरलेला असेल तर मोटर उलट ब्रेकचं काम करते. लांबी अर्ध्या मैलाहून थोडी जास्त, चढ १,३०० फुटांच्या आसपास. खालच्या बाजूला चढण ६२ टक्के, म्हणजे आडव्या १०० फुटांना उभे ६२, कोनात सुमारे ३२ अंश. वर जाता जाता ती ४८ टक्क्यांवर येते.

चढण अशी बदलती असल्यामुळे डब्याची बैठक सगळीकडे सपाट राहूच शकत नाही. डबा नाट्यगृहातल्या सज्ज्यांसारखा तीन पायऱ्यांचा होता, मधल्या कुठल्यातरी कोनाला जुळवलेला. तळाशी माणूस एका बाजूला किंचित कलतो, माथ्यावर दुसऱ्या बाजूला. कथेत हे आलं तर वाचणाऱ्याचं पोट नेमकं त्याच जागी हलेल.

रूळ तीनच. मधला दोघांना सामाईक. फक्त अर्ध्या वाटेवर ते चार होतात आणि दोन डबे एकमेकांना ओलांडतात. डोंगर कमी खोदावा लागतो, एवढाच त्याचा फायदा, पण तो खूप मोठा. दोर फिरवणारं चाक सॅन फ्रान्सिस्कोच्या केबल कार काढणाऱ्या अँड्र्यू हॅलिडीचं. चाकाच्या कडेला चिमट्यांची रांग असते. दोराचा ताण जितका वाढतो तितके चिमटे घट्ट आवळतात, म्हणून दोर घसरत नाही. रेल्वेची आखणी डेव्हिड मॅकफर्सन या इंजिनियरची, पैसा आणि हौस थॅडियस लो यांची. ४ जुलै १८९३ला इन्क्लाइन सुरू झाली आणि १८९९ पर्यंत लोच्या हातून ती गेलीसुद्धा. १९०८ मध्ये मालक हंटिंग्टन. डोंगराला नाव मात्र दिवाळं निघालेल्या माणसाचंच राहिलं.

तिसरा टप्पा: अल्पाइन डिव्हिजन, साडेतीन फूट रुंदीच्या रुळांवरची उघडी ट्राम. १२७ वळणं, १८ लाकडी पूल, आणि सर्वांत लांब सरळ तुकडा किती, तर २२५ फूट. एका ठिकाणी रूळ कड्याबाहेर काढून जवळजवळ पूर्ण वर्तुळ फिरवले आहेत, तो सर्क्युलर ब्रिज. बाहेरच्या बाजूला बसलेल्याला खाली पूल दिसतच नाही, थेट दरी दिसते. एक वर्षापूर्वी, १९०७ मध्ये, नेरळ–माथेरान सुरू झालेली आहे. मुंबईचा माणूस तुलना करणारच. माथेरानचे रूळ दोन फुटांचे, गाडी वाफेची, धूर आणि वळणावळणावर शिट्टी. इथे धूर नाही, आवाज फक्त चाकांच्या कडांचा. विजेची ट्राम मात्र त्याला नवलाची वाटू देऊ नका, मुंबईत ती मे १९०७ पासून धावतेय.

चुका होतात त्या कपड्यांत. खाली संत्र्याच्या बागेत कोटही नको वाटतो आणि वर टॅव्हर्नच्या आवारात फेब्रुवारीत बर्फ असू शकतं. 'सकाळी बर्फ, दुपारी संत्री, संध्याकाळी समुद्र' ही जाहिरात अगदी खोटी नव्हती, पण ती एकाच पातळ कोटात साधायला गेलेले कुडकुडत परत येत. दुसरी चूक हवेची. डिसेंबर ते मार्च हेच पावसाचे महिने. पावसात वर ढगात बसून पांढऱ्या पडद्याखेरीज काही दिसत नाही, आणि पाऊस थांबल्याच्या दुसऱ्या दिवशी थेट कॅटलिना दिसतं. म्हणून नायकाने पहिला आणि दुसरा दिवस पाऊस बघून अदलाबदल करावेत. दोन्ही तिकिटं वेगळ्या कंपन्यांची, तेव्हा त्याला ते शक्य आहे.

रात्रीसाठी: वर तीस लाख मेणबत्त्यांच्या ताकदीचा शोधझोत होता, १८९३च्या शिकागो जागतिक प्रदर्शनातून आणलेला. आणि वेधशाळेत १६ इंची दुर्बीण, तिचे प्रमुख तेव्हा एडगर लार्किन.

कोरा_कागद

हॉटेल जाळून टाकलंत ते बरं झालं! मुक्काम टॅव्हर्नला हलवतो. शहामृगांचं सांगा. नायक शहामृगावर बसतो आणि 'पिसं उपटताना' बघतो असं लिहिलंय.

पीसवाली

'उपटताना' हा शब्द काढा. कापताना.

साउथ पॅसेडिनाचा कॉस्टन ऑस्ट्रिच फार्म, १८९६ पासून, अरोयो सेकोच्या काठी, पॅसेडिनाच्या ट्राम लाइनवर. मालक एडविन कॉस्टन, इंग्रज. १८८०च्या दशकात त्याने दक्षिण आफ्रिकेतून बोटीने पक्षी आणले, वाटेत निम्म्याहून जास्त मेले. हे मुळात पर्यटनस्थळ नव्हतं, पिसांचा कारखाना होता. फाटकाचे २५ सेंट आणि आतल्या दुकानातली विक्री ही दुहेरी कमाई पुढची.

कापणीची पद्धत अशी. पक्ष्याला त्रिकोणी निमुळत्या कुंपणात ढकलतात, म्हणजे त्याला वळता येत नाही. डोक्यावर मोज्यासारखी कापडी टोपी ओढतात. डोळ्यांपुढे अंधार झाला की शहामृग गप्प उभा राहतो. मग माणूस बाजूला किंवा मागे उभा राहतो, समोर कधीच नाही, कारण शहामृगाची लाथ पुढे आणि खाली बसते, मागे बसत नाही. पंखातली मोठी पिसं कातरीने कापतात, बुंध्याशी दोनेक इंचांचा तुकडा ठेवून. त्या तुकड्यात अजून रक्त असतं. दोनेक महिन्यांनी तो वाळला की ओढून काढतात, तेव्हा दुखत नाही. आधीच ओढला तर पुढचं पीस वेडंवाकडं येतं आणि भाव पडतो. फार्मला उपटणं परवडत नव्हतं ते एवढ्यासाठी, दयेचा भाग त्यात थोडाच. एका पक्ष्याची कापणी साधारण नऊ महिन्यांनी पुन्हा.

नर काळा, पंख-शेपटीची पिसं पांढरी, मादी करडी. महाग ती नराच्या पंखाची पांढरी. पीस धुतात, रंगवतात. मग एकाच्या पाठीला दुसरं शिवून भरगच्च करतात, कारण एकटं पीस विरळ दिसतं. शेवटी बोथट सुरीच्या पात्यावरून एकेक तंतू ओढून कुरळा करतात. १९०८च्या सुमाराला 'विलो प्लूम'ची फॅशन चढत होती: प्रत्येक तंतूला दुसरा तंतू हाताने गाठ मारून लांब केलेला. एका पिसात हजारो गाठी, किंमत तशीच.

आता तुमच्या कथेला उपयोगी पडेल असं. कुरळं पीस ओल सहन करत नाही. समुद्रावरच्या धुक्यात तासाभरात तंतू सरळ होतात आणि पीस भिजल्या झाडूसारखं लोंबतं. टोपीत नवं पीस खोचून बलून रूटला निघालेल्या बायकांची ही ठरलेली फजिती. नायकाला कुणासाठी पीस घ्यायचं असेल तर ते तिसऱ्या दिवशी घेतलेलं बरं, समुद्राचा दिवस उलटून गेल्यावर. रूळबदल यांचा क्रम त्यासाठीही योग्य आहे. मुंबईला नेईपर्यंत बोटीवरची हवा आहेच म्हणा.

बसण्याबद्दल: पाहुण्यांना फोटोपुरतं पाठीवर बसवत, दोन्ही हातांनी पंखांचे बुंधे धरायला सांगत, आणि फार्मचा माणूस जवळ असे. भरधाव शर्यत लिहू नका. विणीच्या दिवसांत नराच्या नडग्या लालबुंद होतात. तेव्हा त्याच्या आवारात फार्मची माणसंसुद्धा काटेरी फांदी घेतल्याशिवाय शिरत नसत. काट्यांनी डोळे फुटतील या भीतीने तो मागे सरतो.

सर्वांचा आवडता खेळ संत्र्याचा. शहामृग अख्खं संत्रं गिळतो आणि तो गोल फुगीर गोळा मानेतून सरकत खाली जाताना बाहेरून दिसतो. लागोपाठ तीन दिली तर मानेत तीन गाठी. अंडं सव्वा-दीड किलोचं, दोन डझन कोंबडीच्या अंड्यांएवढं, बेचाळीस दिवसांत फुटतं. दिवसा करडी मादी अंड्यांवर बसते, रात्री काळा नर. रंगाचं कारण त्यातच आहे.

हा धंदा १९१४ च्या सुमाराला एकदम बसला. युद्ध आलं, टोप्या लहान झाल्या, आणि मोटारीच्या वाऱ्यात मोठं पीस टिकत नाही. फार्म १९३५ पर्यंत रडतखडत चालला.

तांब्याची_नळी

याच कॉस्टन फार्मवर १९०१ मध्ये ऑब्रे इनियस याने सूर्यावर चालणारा पंप उभारला होता. तेव्हाच्या पोस्टकार्डांवर उलट्या छत्रीसारखा दिसतो तो हाच. वरच्या कडेचा व्यास साडेतेहतीस फूट, आत १,७८८ छोटे आरसे, मधोमध साडेतेरा फुटी उभा बॉयलर, त्यात १०० गॅलन पाणी. घड्याळाच्या यंत्राने सगळी छत्री सूर्यामागे फिरायची. तासाभरात वाफ तयार, मग मिनिटाला १,४०० गॅलन पाणी उपसलं जाई, शहामृगांच्या आवाराला आणि बागेला. दहा ऑगस्टला किंवा दहा फेब्रुवारीला, ऊन असलं की झालं.

चाललं का नाही? आरसे चांगले होते, सांगाडा वाऱ्याला फार मोठा पडला. उघड्या शेतात उभी केलेली एवढी मोठी वाटी म्हणजे शीडच. इनियसने पुढे अॅरिझोनात यंत्रं विकली, तिथे एक वाऱ्याने कोसळलं आणि एक गारांनी फुटलं. किंमतही कोळशाच्या इंजिनापेक्षा कितीतरी जास्त. तुमच्या १९०८च्या नायकाला ते चालू दाखवू नका. एखादा जुना कर्मचारी त्याबद्दल बोलला तर चालेल.

कोरा_कागद

याचं वेगळं पात्रच होईल. अॅलिगेटर राहिले.

खाडीकाठ

थोडक्यात. लॉस एंजेलिस अॅलिगेटर फार्म, १९०७ मध्ये सुरू, ईस्टलेक पार्कशेजारी (हेच पुढे लिंकन पार्क). प्राणी कॅलिफोर्नियाचे नाहीत, आग्नेय अमेरिकेतल्या दलदलींतले. शेजारीच आणखी एक शहामृग फार्म होता, त्यामुळे पोस्टकार्डांत कॉस्टनशी गल्लत होते. पार्श्वभूमीला पाम आणि तळं असलं तर ईस्टलेक समजा.

'सुसर' लिहू नका, ती लांब चिंचोळ्या तोंडाची. 'मगर' म्हणायला हरकत नाही, पण नायक कोकणचा असेल तर त्याला फरक दिसेल: मगरीचं तोंड मिटलं तरी खालच्या जबड्याचा चौथा दात बाहेर दिसतो, अॅलिगेटरचा आत लपतो.

फेब्रुवारीची अडचण इथे आहे. पर्यटकांचा हंगाम हिवाळ्याचा आणि अॅलिगेटर हवा साधारण २१ अंशांच्या खाली गेली की खाणं सोडतो. म्हणजे सर्वांत जास्त गर्दी असताना प्राणी ओंडक्यासारखे पडलेले. घसरगुंडीवरून पाण्यात सोडणं, गाडीला जुंपणं, पोरांना पाठीवर बसवून फोटो, हे सगळं त्या सुस्तीच्या जोरावर. शिवाय जबडा मिटणारे स्नायू प्रचंड आणि उघडणारे दुबळे, म्हणून मिटलेलं तोंड एका हातानेही दाबून ठेवता येतं. तोंड आधी मिटवून घेणं हीच कला. नायकाला दुपारी दोननंतर पाठवा, ऊन खाऊन तेव्हा जरा हालचाल असते. आणि पाट्यांवर प्राण्यांची वयं शेकड्यांत लिहिलेली असतील, त्यावर नायकाने हसावं. पन्नास-सत्तर वर्षं हे खरं आयुष्य.

रूळबदल

समुद्राच्या दिवसाबद्दल दोन गोष्टी राहिल्या.

कॅमेरा ऑब्स्क्युरा म्हणजे अंधारी खोली, छपरावर फिरता आरसा आणि भिंग, खाली पांढरं गोल टेबल. टेबलावर बाहेरची चौपाटी जिवंत दिसते: माणसं चालतात, लाटा फुटतात, आवाज मात्र नाही. चाक फिरवलं की आरसा फिरतो आणि चौपाटीचा दुसरा तुकडा येतो. बाहेरून आल्या आल्या काहीच दिसत नाही. डोळे सरावायला पाचेक मिनिटं द्यावी लागतात, आणि सहलीतले निम्मे लोक त्याआधीच बाहेर पडतात. ढग असेल तर चित्र फिकं. सांता मोनिकाचा हा कॅमेरा १८९८चा.

व्हेनिस: अॅबट किनीने दलदलीत कालवे खणून ४ जुलै १९०५ला उघडलेलं गाव. गोंडोला आणि इटलीहून आणलेले नावाडी खरे. छोटी आगगाडीही खरी, अठरा इंची रुळांची. पण पाणी भरती-ओहोटीवर सोडलेलं आणि पुरेसं खेळतं नव्हतं, आतल्या कालव्यांत ते साचायचं. नायकाच्या नाकाला ते कळू द्या. १९२९ मध्ये किनीचे बहुतेक कालवे बुजवून रस्ते केले. आज पर्यटक फोटो काढतात ते सहा कालवे शेजारच्या दुसऱ्या आखणीचे. विंडवर्ड सर्कल या आजच्या चौकाच्या जागी तेव्हा मोठं तळं होतं. तिथे मोटारी उभ्या करू नका.

पोस्टकार्ड_पेटी

संदर्भाला जुनी कार्डं वापरताय असं दिसतं, म्हणून सावध करते. मागची बाजू मधोमध रेघेने विभागलेली असेल तर कार्ड १ मार्च १९०७ नंतरचं. त्याआधी अमेरिकेत मागे फक्त पत्ता लिहायची परवानगी होती, मजकूर चित्राच्या कडेला कोंबत. चित्राभोवती पांढरी चौकट असली तर ते साधारण १९१५ नंतरचं, म्हणजे तुमच्या उपयोगाचं नाही.

रंगांवर विश्वास ठेवू नका. फोटो काळा-पांढरा असायचा, रंग छापखान्यात, पुष्कळदा जर्मनीत, ज्याने कॅलिफोर्निया पाहिलेला नाही त्याने भरलेले. संत्र्याची बाग आणि मागे चिकटून बर्फाळ डोंगर, हे दृश्य खरं आहे, पण डोंगर अनेकदा कात्रीने जवळ आणलेला असतो. सावल्या बघा. झाडांची सावली डावीकडे आणि डोंगराची उजवीकडे असेल तर दोन फोटो आहेत.

माउंट लोची कार्डं निवडताना घाटमाथा यांनी दिलेली वर्षं हाताशी ठेवा. एको माउंटनवर घुमटाचं मोठं पांढरं हॉटेल दिसत असेल तर छायाचित्र १९०० पूर्वीचं, कार्ड कधीही छापलेलं असो. छापणारे जुन्या काचा, म्हणजे काचेवरच्या निगेटिव्ह, वर्षानुवर्षं वापरत.

बलून रूटचा एक पुरावा तुम्ही कथेत सरळ वापरू शकता. वाटेत सगळ्यांना गाडीसमोर उभं करून गटाचा फोटो काढत. टोप्या, पिसं, मिशा, मधे वाटाड्या. असे फोटो आजही सापडतात.

कोरा_कागद

फार उपकार. मग शेवटचं एक: नायक टॅव्हर्नमधून मुंबईला कार्ड पाठवतो. काय लिहू, तिकीट किती?

पोस्टकार्ड_पेटी

परदेशी कार्डाला तेव्हा दोन सेंट, देशातल्याला एक. दोन सेंटचं तिकीट लाल, वॉशिंग्टनच्या चेहऱ्याचं. एक सेंटचं हिरवं. नवखे लोक एकच हिरवं लावतात आणि मग पोचल्यावर घेणाऱ्याला भुर्दंड पडतो. मजकूर डाव्या अर्ध्यात, जेमतेम सात-आठ ओळी, उजवीकडे फक्त पत्ता, आणि त्यात 'ब्रिटिश इंडिया' लिहायला विसरू नये. नुसतं 'इंडिया' लिहिलं की इंडियाना राज्याच्या थैलीत पडायची धास्ती.